वनस्पति, वानस्पत्य आणि उंबराचे फूल

१

आजच्या मराठीत ‘वनस्पती’ हा शब्द शेवाळापासून वडापर्यंत सर्व उद्भिज्ज सृष्टीला सामावून घेतो. तो स्त्रीलिंगी आहे, त्याला ‘औषधी’, ‘जलीय’, ‘परोपजीवी’ अशी कोणतीही विशेषणे चालतात, आणि एका ज्ञानशाखेचे नावही त्यावरूनच सिद्ध झाले आहे. संस्कृतात मात्र हा शब्द पुल्लिंगी असून शास्त्रग्रंथांत त्याचा अर्थ अत्यंत मर्यादित आहे. शिवाय तेथे त्याला एक जोडीदार आहे : ‘वानस्पत्य’. हा दुसरा शब्द मराठीत रुजला नाही. आज तो कोशात आणि वैद्यकाच्या पाठ्यग्रंथांतच काय तो आढळतो. जोडीतला एक शब्द नाहीसा झाला की उरलेल्या शब्दाच्या अर्थाचे काय होते आणि जुने वाङ्मय वाचताना त्याचा काय परिणाम होतो, हा प्रस्तुत लेखाचा विषय आहे. सोयीसाठी संस्कृत संज्ञेचा निर्देश ‘वनस्पति’ असा ऱ्हस्वान्त आणि मराठी शब्दाचा ‘वनस्पती’ असा दीर्घान्त केला आहे. दोहोंत केवळ एका वेलांटीचा फरक दिसत असला, तरी प्रत्यक्षातले अंतर बरेच मोठे आहे.

२

शास्त्रग्रंथांतील व्यवस्था प्रथम पाहू. चरकसंहितेच्या सूत्रस्थानातील पहिल्या अध्यायात औद्भिद द्रव्यांचे चार वर्ग सांगितले आहेत : वनस्पति, वीरुध्, वानस्पत्य आणि ओषधि. ज्याला केवळ फळे येतात तो वनस्पति. ज्याला फुले आणि फळे दोन्ही येतात तो वानस्पत्य. फळ पिकताच जिचे आयुष्य संपते ती ओषधि. आणि जिचे ताणे पसरतात ती वीरुध्. अमरकोशातही वनस्पति आणि वानस्पत्य ह्यांची हीच विभागणी आहे. सुश्रुतसंहिता आणि मनुस्मृतीचा पहिला अध्याय ह्यांत वनस्पतीचे लक्षण तेच आहे. ज्याला फूल नाही पण फळ आहे, असा तो वृक्षविशेष होय. परंतु सपुष्प व सफळ झाडांसाठी तेथे ‘वानस्पत्य’ ही संज्ञा येत नाही. ‘वृक्ष’ हा साधा शब्द येतो.

हा फरक क्षुल्लक नाही. वर्गाचे लक्षण चारही ग्रंथांत स्थिर आहे, नाव मात्र स्थिर नाही. ‘वनस्पति’ ही संज्ञा सर्वांना मान्य आहे. तिच्या विरोधी पक्षात कोणता शब्द ठेवायचा ह्याविषयी मात्र दोन परंपरा आहेत. ज्यांनी ‘वृक्ष’ घेतला, त्यांनी सर्वसामान्य शब्दाला विशेष अर्थ दिला. ज्यांनी ‘वानस्पत्य’ घेतला, त्यांनी वर्गाला स्वतंत्र नाव दिले आणि ‘वृक्ष’ हा शब्द सामान्य अर्थासाठी मोकळा ठेवला. पारिभाषिकतेच्या दृष्टीने दुसरा मार्ग अधिक काटेकोर म्हणावा लागेल. व्यवहारात मात्र तो टिकला नाही.

‘फूल नाही, पण फळ आहे’ हे लक्षण ज्यांना लागू पडते ती झाडे कोणती? वड, उंबर, पिंपळ, पायर. म्हणजे आज आपण ज्याला वटकुल म्हणू त्या गटातील वृक्ष. ह्या झाडांना फुले नसतात असे नव्हे. उंबराचे जे ‘फळ’ आपण पाहतो ते वस्तुतः एक मांसल, पोकळ पुष्पासन असते. त्याच्या आतील भिंतीवर शेकडो सूक्ष्म फुले असतात, आणि टोकाच्या बारीक छिद्रातून आत शिरणारे चिमुकले कीटक त्यांचे परागण घडवून आणतात. फोडलेल्या उंबरात दिसणारे किडे हे त्या व्यवहाराचेच साक्षीदार होत. तेव्हा प्राचीनांचे वर्गीकरण बाह्यदर्शनावर आधारलेले होते हे खरे. पण त्यासाठी त्यांना अडाणी ठरविण्याचे कारण नाही. वेगळ्या दिसणाऱ्या झाडांचा एक गट त्यांनी अचूक ओळखला होता. वेगळेपणाचे कारण तेवढे त्यांच्या दृष्टीआड राहिले.

३

आता व्युत्पत्तीकडे वळू. ‘वानस्पत्य’ हा शब्द ‘वनस्पति’ ह्यापासूनच तद्धित प्रत्ययाने सिद्ध होतो. ‘पति’ हे उत्तरपद असलेल्या शब्दांना हा प्रत्यय लागतो, असे पाणिनीचे सूत्र आहे. शब्दरचनेच्या अंगाने पाहिले तर वानस्पत्य म्हणजे ‘वनस्पतीचा’, ‘वनस्पतीपासून झालेला’. मग जो वनस्पतीपासून झाला, तोच वनस्पतीच्या विरुद्ध वर्गाचे नाव कसा झाला? शास्त्रीय व्याख्येत ह्या प्रश्नाचे उत्तर सापडत नाही. ते पूर्वीच्या प्रयोगांत शोधावे लागते.

वेदांत वनस्पति म्हणजे अपुष्प वृक्ष नव्हे. तेथे तो अरण्याचा स्वामी आहे. ऋग्वेदाच्या तिसऱ्या मंडलातील आठव्या सूक्तात यज्ञातला यूप ‘वनस्पति’ म्हणून संबोधिला जातो. आप्रीसूक्तांत वनस्पति ही एक देवता आहे. सहाव्या मंडलात रथाला आणि पहिल्या मंडलात उखळालाही ह्याच नावाने हाक मारलेली आढळते. म्हणजे झाड तोडून, तासून वस्तू घडविली तरी तिच्यातील वनस्पतित्व संपत नाही, अशी ती धारणा दिसते. पाणिनीने ‘वनस्पति’ आदी शब्दांच्या गणासाठी एक स्वतंत्र स्वरनियम सांगितला आहे : ह्या समासांत दोन्ही पदांचा स्वर एकाच वेळी टिकतो. त्यामुळे म्हणणाऱ्याच्या उच्चारात ‘वन’ आणि ‘पति’ ही दोन्ही पदे उठून ऐकू येत असली पाहिजेत. स्वामित्वाचा अर्थ त्या शब्दात बुजलेला नव्हता.

ह्या पार्श्वभूमीवर ‘वानस्पत्य’चा प्रयोग पाहावा. अथर्ववेदाच्या पाचव्या कांडात रणदुंदुभी ‘वानस्पत्य’ आहे, म्हणजे लाकडाची, वृक्षापासून घडविलेली. तेथे हा शब्द विशेषण आहे. पृथ्वीसूक्तात तो वृक्षांच्या जोडीने येतो. आठव्या कांडातील एका मंत्रात वनस्पति, वानस्पत्य, ओषधि आणि वीरुध् हे चारही शब्द एका ओळीत येतात; परंतु त्यांची लक्षणे तेथे दिलेली नाहीत. चरकातील चार नावे तीच आहेत. ह्यावरून असे म्हणता येईल की, मंत्रातील नावांची मालिका शास्त्रकारांपुढे होती. व्याख्या मात्र त्यांनी त्या नावांत नंतर भरली. नावे आधी आणि भेद मागाहून, असा हा क्रम असावा. तसे असेल तर साधित शब्द मूळ शब्दाच्या विरोधी कसा ठरला, ह्याचा उलगडा होतो. मालिकेत दोन शब्द वेगळे उच्चारले गेले म्हणून त्यांचे अर्थही वेगळे मानणे शास्त्राला भाग पडले.

४

ह्या अर्थविचाराची खरी कसोटी वाङ्मयात लागते. अभिज्ञानशाकुंतलाच्या चौथ्या अंकात शकुंतलेच्या पाठवणीच्या वेळी कण्वांचे शिष्य अलंकार घेऊन येतात. ते कोठून आले असे विचारल्यावर एक शिष्य सांगतो की, शकुंतलेसाठी वनस्पतींपासून कुसुमे आणावीत अशी कण्वांची आज्ञा होती. पण तेथे गेल्यावर एका झाडाने चंद्रासारखे शुभ्र वस्त्र दिले, एकाने पायांसाठी अळित्याचा रस दिला, आणि इतर झाडांतून वनदेवतांचे हात पुढे येऊन त्यांनी अलंकार दिले. मूळ पाठात येथे ‘वनस्पति’ हाच शब्द आहे.

अमरकोश हाती घेऊन हा प्रसंग वाचणाऱ्याला मोठा मोह होईल. जो व्याख्येनेच अपुष्प, त्याच्याकडून फुले मागायची! मग फुलांऐवजी वस्त्रे मिळाली ह्यात नवल ते काय? कण्वांच्या आज्ञेतच एक सूक्ष्म विसंगती असून कवीने तिच्यावर चमत्कार उभारला आहे, असा अर्थ लावता येतो. तो आकर्षक आहे. चर्चासत्रात त्याला दादही मिळेल. परंतु तो टिकत नाही.

ह्याची कारणे त्याच अंकात आहेत. पहिले असे की, देणाऱ्या झाडांसाठी पुढच्या श्लोकात ‘तरु’ हा सामान्य शब्द येतो. विशिष्ट वर्ग कवीला अभिप्रेत असल्याची एकही खूण नाही. दुसरे कारण अधिक निर्णायक आहे. थोड्याच वेळाने कण्व तपोवनातील झाडांना उद्देशून बोलतात, तेव्हा त्यांचा पहिला बहर हा शकुंतलेला उत्सव वाटत असे, ह्याची त्यांना आठवण करून देतात. ही झाडे फुलणारी आहेत. शास्त्राच्या भाषेत ती ‘वानस्पत्य’ ठरतील, आणि कालिदास त्यांना खुशाल ‘वनस्पति’ म्हणतो.

मग कवीने शास्त्राकडे दुर्लक्ष केले, शब्द सैलपणे वापरला, असे म्हणायचे काय? मला तसे वाटत नाही. ह्याच प्रवेशात स्नान आटोपून आलेल्या कण्वांना ‘वनस्पतींनी केलेली सेवा’ कळवायला शिष्य निघतात, तेव्हा तोच शब्द पुन्हा येतो. म्हणजे जेथे कण्वांच्या आज्ञेचा वा त्यांना द्यावयाच्या निवेदनाचा संबंध आहे, तेथे ‘वनस्पति’; जेथे वर्णन वा जिव्हाळ्याचे संबोधन आहे, तेथे ‘तरु’. आश्रमातील अग्निहोत्राच्या वातावरणात वाढलेल्या शिष्याच्या तोंडी हा शब्द आपला जुना, यज्ञसंबद्ध अर्थ घेऊन येतो. ज्याच्या उदरी देवता आहे, ज्याच्याकडे मागणे मागता येते, असा अरण्याचा स्वामी. पुढे झाडांतून देवतांचे हात बाहेर येणार आहेत, त्याची पूर्वतयारी ह्या एका शब्दाने होते. दोनच स्थळांवर आधारलेला हा निष्कर्ष शक्यतेच्या पातळीवरच ठेवावा हे उचित. तथापि कोशातील व्याख्या येथे किल्ली म्हणून चालत नाही, एवढे निश्चित.

५

मराठी वाचकाची अडचण ह्याहून निराळी आहे. त्याला अमरकोशाचा मोह होत नाही. त्याला ‘वनस्पती’ हा शब्द ओळखीचा वाटतो, आणि धोका तेथेच आहे. आजच्या ‘वनस्पती’मध्ये प्रामुख्याने झुडपे, पाला, मुळ्या, काढे ह्यांची आठवण आहे, किराणा दुकानात तर हा शब्द डालड्यासारख्या तुपाचे नाव झाला. पुल्लिंगाचे स्त्रीलिंग होण्यात ईकारान्त रूपाचा आणि वल्ली, औषधी अशा शब्दांच्या सहवासाचा वाटा असावा. ह्या बदलात स्वामित्वाचा अर्थ मात्र पुरता लोपला. मूळ शब्द जसाच्या तसा ठेवणारे भाषांतर येथे सर्वांत निष्ठावान दिसते आणि सर्वांत जास्त दिशाभूल करते.

परिभाषेच्या क्षेत्रात तर ह्याहूनही चमत्कारिक प्रकार घडला. वनस्पतिशास्त्रात ‘अपुष्प वनस्पती’ ह्या संज्ञेने शेवाळे, हरिता, नेचे अशा फूल व बीज दोन्ही नसलेल्या गटांचा बोध होतो. चरकाच्या दृष्टीने ‘अपुष्प वनस्पति’ ही द्विरुक्ती झाली असती, आणि नेच्याला ती संज्ञा लागूच पडली नसती; कारण त्याला फळ नाही. उलट, अपुष्पतेचे जे प्राचीन उदाहरण, तो उंबर आज निःसंशय ‘सपुष्प’ गटात बसतो. दोन्ही शब्द जुनेच, पण प्रत्येकाचा अर्थ पूर्वीच्या जागेवरून हलला आहे.

शास्त्राच्या मराठीने गमावलेले हे निरीक्षण लोकांच्या मराठीने मात्र सांभाळून ठेवले. क्वचितच भेटणाऱ्या माणसाला आपण ‘उंबराचे फूल’ म्हणतो. ह्या वाक्प्रचाराचे मर्म बारकाईने पाहण्यासारखे आहे. शास्त्रकार म्हणाले, उंबराला फूल नाही. वाक्प्रचार तसे म्हणत नाही. फूल आहे, पण ते दृष्टीस पडत नाही, असे त्यात गृहीत आहे. तसे नसते तर क्वचित का होईना भेटणाऱ्या माणसाला ही उपमा शोभली नसती. आधुनिक विज्ञानाच्या निर्णयाशी व्याख्येपेक्षा म्हणच अधिक जवळची ठरावी, हा योगायोग असेलही. पण अर्थाचा शोध केवळ कोशात घेऊ नये, ह्याची ती एक खूण आहे.

६

‘वानस्पत्य’ हा शब्द पुन्हा प्रचारात आणावा, असे मला सुचवावयाचे नाही. शब्दांचे अर्थ पालटतात आणि पालटलेला अर्थ हाही अर्थच असतो. प्रश्न पालटलेल्या अर्थाने मागे वळून वाचण्याचा आहे. साहित्यविचारात आपण हेच करीत आलो आहोत. ‘रीती म्हणजे शैली’ असे आपण वर्गात सांगतो आणि पुढे जातो. वामनाची रीती गुणांशी बांधलेली आहे. वैदर्भी, गौडी आणि पांचाली ह्या परस्परभेदातच तिला अर्थ आहे. ‘शैली’मध्ये आज लेखकाच्या व्यक्तित्वाची मुद्रा अभिप्रेत असते. कुंतकाने प्रदेशावरून ठरणारे भेद नाकारून मार्गाचा संबंध कविस्वभावाशी जोडला, तो ह्याच प्रश्नावरचा वाद होता. रीती आणि शैली एकच मानल्या, तर कुंतक कशाविरुद्ध बोलत होता हेच विद्यार्थ्याला कळत नाही. वाद नाहीसा होतो, उरतो तो फक्त पर्यायशब्द.

संज्ञेचा अर्थ तिच्या शेजारच्या संज्ञांनी राखलेला असतो. तिला एकटीच उचलून परक्या संकल्पनेवर चिकटविले की ती ओळखीची होते, पण मुकी होते. म्हणून जुना ग्रंथ वाचताना अनोळखी शब्दापेक्षा ओळखीच्या शब्दापाशी अधिक काळ थांबावे. अनोळखी शब्दासाठी आपण निदान कोश उघडतो. ‘वनस्पति’साठी तो उघडावा असे मनातही येत नाही.