मुक्या रिळांना आवाज देणारे

टॉड डग्लस मिलरच्या 'अपोलो ११' (२०१९) या ९३ मिनिटांच्या माहितीपटात निवेदक नाही, नव्याने घेतलेली एकही मुलाखत नाही. जे दिसतं, ते जवळजवळ सगळं १९६९चं. चांद्रमोहीम इतक्यांदा बघूनही यातली उड्डाणाच्या सकाळची गर्दी काल टिपल्यासारखी दिसते. कारण अमेरिकेच्या राष्ट्रीय अभिलेखागारात ६५ मिमीची, बरीचशी कधीच न वापरलेली रिळं 'सापडली'.

हा 'सापडली' शब्द मला खटकतो. रिळं हरवलेली नव्हतीच, कुणीतरी ती इतकी वर्षं नीट जपली होती. विचारणारा आणि कपाट उघडून बघणारा अशा दोघांची गाठ पडायची राहिली होती, इतकंच.

पण खरी कमाल आवाजाची आहे. ह्यूस्टनच्या मिशन कंट्रोलमधलं १६ मिमीचं चित्रण मुकं होतं. तिथलं बोलणं वेगळ्या, ३० ट्रॅकच्या टेपांवर होतं; या चित्रपटासाठी त्यातले ११,००० तासांहून जास्त ध्वनिमुद्रण हाताशी होतं. म्हणजे आमच्या भाषेत दोन अवाढव्य टेबलं, पण जोडायला कॉमन की नाही! स्टीफन स्लेटर हा ब्रिटिश अभिलेख-निर्माता ओठांच्या हालचाली बघत आणि टेपा ऐकत ही जोडणी करत बसला, तीही या चित्रपटाच्या आधीपासून, हौसेने. बेन फाइस्ट या सॉफ्टवेअरवाल्याने टेपांच्या वेगातले चढउतार काढायला प्रोग्रॅम लिहिले. (आमच्या धंद्यात कुणीतरी असंही काही करतं, हे वाचून बरं वाटलं.)

चित्रपट मात्र हे शिवणकाम पूर्ण लपवतो. पडद्यावर माणूस बोलतो, ओठ जुळतात, आपण विश्वास ठेवतो. कोणती जोडणी पक्की, कोणती अंदाजाची, हे कळायची सोय नाही. आम्ही कोडची एक ओळ बदलली तरी कोणी, कधी, का बदलली ते गिटवर राहतं. मिलरला प्रेक्षक १९६९मध्ये ठेवायचा आहे, मध्येच पाट्या आल्या तर तो बाहेर फेकला जाईल, हे मान्य. तरी आज चार शब्द टाइप करून कुणालाही दाणेदार, जुनाट दिसणारी क्लिप बनवता येते. अशा वेळी खऱ्या फुटेजकडे वेगळं असं काय उरतं? ते कुठून आलं याची नोंद. आणि मूळ वस्तू किती सहज जाते, तेही याच मोहिमेत दिसलं: चंद्रावरून आलेलं मूळ टीव्ही-चित्रण ज्या टेपांवर होतं, त्या पुढे पुसून पुन्हा वापरल्या गेल्या असाव्यात, असं २००९मध्ये नासानेच सांगितलं.

त्यामुळे अशा चित्रपटांकडून माझी मागणी फार मोठी नाही. पडद्यावर काही नको. श्रेयनामावलीच्या शेवटी एक दुवा, त्यावर साधी स्प्रेडशीट: कितव्या मिनिटाला कोणतं रीळ, कोणती टेप, आणि जोडणी कशावरून केली.