तुंबलेली नळी ‘इतर’मध्ये का?

मंडळी, ठाणे-डोंबिवलीतली आपली मुलं अमेरिकेतल्या रुग्णांच्या फायलींना कोड लावतात. लघवीची नळी बिघडली, तर जागतिक आयसीडी-१० यादीत एकच कोड: टी८३.०. अमेरिकेनं त्याचे भाग पाडले: मोडली, सरकली, गळली. पण नळी तुंबणं, जे दीर्घकाळ नळी असलेल्यांत नेहमीचं, ते ‘इतर’मध्ये, भोक पडण्याच्या पंगतीला! अहो, तुंबली की मूत्राशय फुगतं, माणूस तळमळतो. क्षार साचले की नळी मुरगळली, हे तो कोड सांगतच नाही. माझा आक्षेप यादीवर आहे; तसाच नुसतं ‘कॅथेटर बदलला’ लिहिणाऱ्या आपल्या केसपेपरवरही. का बदलला, ते लिहा. कागदावर नसलेलं कारण कोडर कुठून आणणार?