काळ्या राखेतली तळी

लिबियाच्या दक्षिण भागात, फेझानच्या वाळवंटात, मनुष्यवस्तीपासून फार दूर वाव अन् नामूस हा ज्वालामुखी आहे. उपग्रहचित्रात तो दिसतो तो फिकट पिवळ्या वाळूवर सांडलेल्या शाईसारखा, आणि आस्वादाची सुरुवात आपण या डागापासूनच करावी. उद्रेकांत उडालेली राख आणि खडे विवराभोवती 10 ते 20 किलोमीटरपर्यंत पसरले आहेत. मध्यभागी हा काळा रंग गडद, आणि कडेकडेने वारा त्यात इतकी वाळू मिसळत गेला आहे की काळे कुठे संपले हे बोट ठेवून सांगता येऊ नये.

या पसाऱ्यातला एकच खडा घ्या. तो सच्छिद्र आहे. लाव्हा थिजता थिजता निसटलेल्या वायूने ती छिद्रे केली. त्याच्या काळ्या अंगात ऑलिव्हिनचे हिरवट कण असतात, कारण हा लाव्हा सिलिका अगदी कमी असलेला. असा लाव्हा एरवी पातळ असतो, स्फोटापेक्षा वाहणेच पसंत करतो. आपला सह्याद्री अशाच वाहत्या बेसाल्टच्या थरांवर थर बसून उभा राहिला. मग इथे एवढी उधळण कशाने? वर येणाऱ्या तप्त रसाला जमिनीतले पाणी भेटले की त्याची क्षणात वाफ होते आणि खडकाच्या ठिकऱ्या उडतात. सहाराच्या पोटात पाणी होते, हे त्या विवराने सांगून टाकले!

विवर सुमारे 4 किलोमीटर रुंद, 100 मीटर खोल. त्यात मागाहून उठलेला राखेचा शंकू जवळपास 140 मीटर उंच आहे, आणि त्याच्या पायथ्याशी, जिथे पाऊस जवळजवळ पडतच नाही तिथे, निळसर, हिरवट, तांबूस पाण्याची तळी आहेत. भूजल झिरपते, ऊन ते शोषते, मीठ मागे उरते. तरी काठाला लव्हाळे दाटतात आणि त्यांत डासांचे थवे नांदतात. (इतक्या लांब येणाऱ्या प्रवाशाचे स्वागत डासांनी करावे, ही निसर्गाची थट्टाच.) या रचनेचे खरे लावण्य मला इथेच वाटते: ज्या पाण्याने जमीन फोडली, तेच आज त्या खळग्यात सौम्यपणे साचले आहे, आणि या दोन्हींमध्ये सुमारे 2 लाख वर्षे गेली आहेत.

उपग्रहचित्रात हा डाग सापडला तर तेवढ्यावर थांबू नका. चित्र मोठे करत जा, आणि शंकूच्या पायथ्याशी पाणी शोधा.