‘मशीन्स’ : कारखान्यातला प्रश्न

सुरतेची साडी आपल्याकडे लग्नकार्यात हटकून येते. कापड रंगते ती जागा मात्र आपण क्वचितच पाहिलेली असते. राहुल जैन यांचा ‘मशीन्स’ (२०१६) हा अनुबोधपट आपल्याला सुरतेजवळच्या सचिन येथील कापड कारखान्यात नेतो. निवेदक नाही. यंत्रांची घरघर, भट्टीची धग, रंगाची पिंपे आणि बारा-बारा तासांची पाळी. यंत्रापाशी उभ्या उभ्या पेंगणाऱ्या एका पोराकडे कॅमेरा बराच वेळ बघत राहतो.

छायाचित्रणासाठी या चित्रपटाला २०१७ मध्ये सनडान्स महोत्सवात पारितोषिक मिळाले. दृश्ये खरोखरच देखणी आहेत, आणि म्हणूनच मनाला टोचणी लागते. दुसऱ्याचे कष्ट आपण शोभेसाठी तर पाहत नाही ना?

शेवटी कामगारच दिग्दर्शकाला घेरतात. तुम्ही येता, विचारता, निघून जाता. आम्ही करायचे काय? त्याच्यापाशी उत्तर नसते. तरीही तो प्रसंग त्याने कापलेला नाही, यातच मला या कलाकृतीचा प्रामाणिकपणा दिसतो. ज्यांच्या घरचे कुणी खानदेशातून सुरतेला पोटासाठी गेले आहे, त्यांना हा प्रश्न परका वाटणार नाही.