रोजनिशीतला चेहरा

आत्मचित्र म्हटले की आरशासमोर बसलेला चित्रकार डोळ्यांपुढे येतो. जोनास मेकास यांच्या चित्रपटांत हा आरसा बहुधा नसतोच. लिथुएनियातील सेमेनिश्क्याय या खेड्यात १९२२ साली जन्मलेले मेकास १९४४ मध्ये भावासह देश सोडून निघाले, वाटेत पकडले जाऊन हाम्बुर्गजवळच्या एल्म्सहोर्न येथील श्रमछावणीत पडले आणि १९४९ साली निर्वासित म्हणून न्यूयॉर्कला पोहोचले. तेथे त्यांनी किल्लीवर चालणारा १६ मिलिमीटरचा बोलेक्स कॅमेरा मिळविला आणि पुढे जन्मभर ते रोजचे जगणे टिपत राहिले.

‘रेमिनिसन्सेस ऑफ अ जर्नी टू लिथुएनिया’ (१९७२) ही त्यांची कृती आम्हांला या प्रकारातील सर्वांत समर्थ वाटते. २७ वर्षांनी, १९७१ साली, ते गावी परततात. आई उघड्यावर चूल पेटवून रांधते आहे, आप्तेष्ट गात आहेत. ‘प्रसंग’ म्हणावा असे काही घडत नाही. कॅमेरा थरथरतो, चार-दोन चौकटी टिपून भलतीकडेच धाव घेतो, प्रकाश कमीजास्त होतो. कोणी याला हलगर्जीपणा म्हणेल. आम्ही याला त्या माणसाचे हस्ताक्षर म्हणू. हे पुन्हा हरवेल, या धास्तीने पाहणाऱ्याची नजर अशीच भिरभिरते. या चित्रांवर मागाहून बसविलेला त्यांचा स्वतःचा आवाज येतो : परक्या वळणाच्या इंग्रजीतला, अडखळता, संथ. चित्र त्या दिवसाचे आणि आवाज नंतरचा. या दोहोंमधल्या फटीत मेकास यांचा चेहरा दिसू लागतो.

मात्र रोजनिशीकार कोणते पान कोरे ठेवतो, हेही समीक्षेने पाहिले पाहिजे. जर्मनव्याप्त लिथुएनियात मेकास ज्या वृत्तपत्रांत काम करीत, त्यांत ज्यूद्वेषी मजकूर छापला जात असे, याकडे इतिहासकार मायकेल कॅस्पर यांनी २०१८ साली लक्ष वेधले. (तसा मजकूर मेकास यांनी स्वतः लिहिला, असे कॅस्पर यांचे म्हणणे नव्हे.) पुढच्याच वर्षी मेकास निवर्तले. या चित्रपटात युद्ध येते ते एल्म्सहोर्नच्या रूपाने, सोसणाऱ्याच्या बाजूने. त्यांच्या गावाजवळच्या बिर्झाय शहरातील ज्यूंची १९४१ साली कत्तल झाली. त्यांच्याविषयी एरवी इतका बोलका असलेला हा आवाज मूक आहे.

यामुळे आईच्या चुलीची ती दृश्ये खोटी ठरतात काय? आम्हांस तसे वाटत नाही. तो धूर खरा आहे, मुलाचे ते अधाशी पाहणेही खरे आहे. परंतु मेकास यांच्या नजरेला ‘निरागस’ म्हणण्याचा जो प्रघात पडला आहे, तो आम्ही पाळणार नाही.