रजेवरचा नायक

आपल्याकडच्या सिनेमातला नायक पोटापाण्यासाठी काय करतो, हे सहसा कोणी विचारत नाही. तो गात असतो ना, मग झालं! ‘यारगांग ४५’ या जर्मन चित्रपटाचा नायक मात्र सरळ रजा काढतो आणि हिंडतो. संपली गोष्ट.

साल १९६६, गाव पूर्व बर्लिन. नायकाचं नाव अल. गाड्या दुरुस्त करणारा मेकॅनिक. बायको ली, नर्स. दोघंही तरुण, आणि निघालेत घटस्फोट घ्यायला. का, ते अललाही धड सांगता येत नाही. दिग्दर्शक युर्गेन ब्योट्शर हा गडी मुळात चित्रकार, त्यातून माहितीपट काढणारा. त्याला गोष्ट पुढे रेटायची मुळीच घाई नाही. प्रेन्झलाउअर बेर्गमधल्या जुन्या इमारती, अंगणात उतरलेलं ऊन, उगाच उभी राहिलेली पोरं, शेजारचा म्हातारा. कॅमेरा आपला कट्ट्यावर बसल्यासारखा बघत बसतो, आणि हळूहळू आपणही बसतो.

एक प्रसंग तर झकासच. युद्धात पडझड झालेल्या देवळापाशी अल आणि त्याचे दोस्त ऊन खात बसलेत. तेवढ्यात पश्चिमेकडच्या प्रवाशांची बस येते. ते यांना बघतात, हे त्यांना बघतात. पिंजऱ्याच्या आत कोण आणि बाहेर कोण, ते ज्याचं त्यानं ठरवावं! भिंत बांधून पाचच वर्षं झालेली. पण तिच्यावर भाषण नाही.

तक्रार एकच. कॅमेरा अलच्या मागे इतका हिंडतो, की ली बिचारी मागे राहते. रजा त्याची, ड्यूटी तिची. हे मात्र पूर्व-पश्चिम सगळीकडे सारखंच!

चित्रपट पुरता जोडूनही झाला नव्हता, तोच साहेबलोकांनी तो बंद पाडला. त्यात ना बॉम्ब, ना कट. गुन्हा एकच, पोरगा रिकामा फिरतो. सरकारला बेकारापेक्षा रिकाम्या माणसाची भीती जास्त. बेकाराला काम देता येतं हो, पण रिकाम्याला ‘विचार करू नकोस’ असं कसं सांगणार?

१९८९ साली भिंत उघडली आणि १९९० साली चित्रपट पुरा होऊन पडद्यावर आला. म्हणजे अलची रजा मंजूर व्हायला चोवीस वर्षं लागली. ब्योट्शरनं पुढे माहितीपट काढले, चित्रं रंगवली. कथाचित्रपट मात्र हा एवढाच. भिंत पाडता आली. न निघालेले चित्रपट कुठून आणायचे?