संकेत आणि छायालेखन : अलेक्स फिलिप्स यांची चित्रपटसृष्टी

मेक्सिकन छायालेखनाची चर्चा बहुधा गाब्रिएल फिगेरोआ यांच्यापाशी सुरू होते व तेथेच संपते. मेघांनी भरलेले आकाश आणि त्याखाली उभा असलेला शेतकरी, हीच त्या चित्रपटाची मुद्रा ठरली आहे. ह्या मुद्रेत नगर, रात्र आणि नृत्यगृह यांना स्थान उरत नाही. ते ज्यांनी घडविले त्यांत अलेक्स फिलिप्स (१९००–१९७७) हे प्रमुख होत.

कॅनडात जन्मलेल्या फिलिप्स यांनी 'सांता' (१९३२) ह्या आरंभीच्या बोलपटाचे छायालेखन केले. पुढे त्यांची कामगिरी मुख्यतः कुलटा, वंचना आणि गुन्हा यांच्या रूढ कथांत झाली. रूढ प्रकारात छायालेखकास स्वातंत्र्य नसते, असा आक्षेप घेतला जातो. परंतु शब्दही समाजाकडून तयारच मिळतो. वक्त्याचे वैशिष्ट्य त्याच्या योजनेत असते. संकेत हा अर्थाचा अडसर नव्हे, तो अर्थाचा आधार होय.

'ला मुहेर देल पुएर्तो' (१९३४) मध्ये आंद्रेआ पाल्मा दाराच्या चौकटीला टेकून धूम्रपान करीत उभी राहते. पतित स्त्रीचा हा संकेत फिलिप्स यांच्या प्रकाशयोजनेने दृढ केला. सोळा वर्षांनी 'आव्हेन्तुरेरा' (१९५०) मध्ये तीच अभिनेत्री त्यांच्याच कॅमेऱ्यापुढे येते. ह्या वेळी ती सीमेवरच्या ह्वारेस नगरात कुंटणखाना चालविणारी आणि ग्वादालाहारात कुलीन माता म्हणून मिरविणारी रोसाउरा असते. पूर्वीची प्रतिमा स्मरणात असलेल्या प्रेक्षकास ह्या प्रतिष्ठेचा पोकळपणा अधिक जाणवतो. हा अर्थ एका चित्रपटात सामावत नाही. तो दोन चित्रपटांच्या संबंधातून निर्माण होतो. 'ला ओत्रा' (१९४६) मध्ये दोलोरेस देल रियो जुळ्या बहिणींच्या दुहेरी भूमिकेत आहे. एकाच चेहऱ्याच्या दोन व्यक्ती पटवून देण्याचा भार तेथे अभिनयाइतकाच छायालेखनावरही पडतो.

तथापि फिलिप्स यांना केवळ अंधाराचे कारागीर म्हणणे न्याय्य नाही. लुईस बुन्युएल यांच्या 'रॉबिन्सन क्रूसो' (१९५४) मध्ये त्यांनी रंगीत चित्रण केले, आणि आर्तुरो रिपस्टाइन यांच्या 'एल कास्तियो दे ला पुरेसा' (१९७३) मध्ये कुटुंबाला घरात कोंडून ठेवणाऱ्या पित्याची कथा रंगांतच चित्रित केली. प्रकार, दिग्दर्शक व साधने बदलली. कामाची सलगता सुटली नाही.

एकट्या कृतीची थोरवी मोजणाऱ्या समीक्षेला अशी कारकीर्द दिसत नाही. तिच्यासाठी कृतींची परंपरा वाचावी लागते. अन्यथा मेक्सिकन चित्रपटाचा इतिहास त्याच्या आकाशाचाच इतिहास होऊन राहील.